ऐतिहासिक व्यक्तींवर टीव्ही डॉक्युमेंटरी करायचीय? मग या पायऱ्यांनी चला

या क्षेत्रात यायचंय म्हणणारे बहुतेक जण पहिला प्रश्न कॅमेऱ्याचा विचारतात, कुठला घेऊ, लेन्स कुठली, ड्रोन लागेल का वगैरे. कॅमेरा खूप पुढे येतो हो. ऐतिहासिक चरित्राच्या फिल्ममध्ये ज्याच्याबद्दल बोलायचं तो माणूसच हयात नसतो, त्याला पुन्हा समोर बसवून शूट करता येत नाही, म्हणजे हातात उरतात कागद, फोटो, जुनं फुटेज, जागा आणि त्याच्याविषयी बोलणारी माणसं. एवढ्या भांडवलावर ५२ मिनिटं उभी करायची. शिवाय टीव्हीवर जे दिसतं ते घरात बसून बघणारा माणूस खरं धरून चालतो, पुस्तकासारखी तळटीप त्याला मिळत नाही, त्यामुळे प्रत्येक फ्रेम कुठून आली, कधीची आहे, तिच्यात कोण आहे हे कुणीही विचारलं तरी तुम्हाला सांगता आलं पाहिजे. या धंद्यात नाव टिकतं ते यावरच, आणि खालच्या सगळ्या पायऱ्यांमध्ये हीच गोष्ट पुन्हा पुन्हा येणार आहे.

पायरी १: शिरायचं कुठून

थेट दिग्दर्शक म्हणून कुणी घेत नाही. दारं साधारण तीन आहेत. एक, एडिट असिस्टंट किंवा लॉगर, म्हणजे आलेले रशेस (शूट केलेलं कच्चं फुटेज) बघायचे, कुठल्या टाइमकोडला (फुटेजवरच्या तास-मिनिट-सेकंदाच्या आकड्याला) कोण काय बोललं ते लिहायचं, फाइल्स नीट लावायच्या. दोन, रिसर्चर. तीन, आर्काइव्ह रिसर्चर, म्हणजे जुनं फुटेज आणि फोटो शोधून त्यांचे हक्क कुणाकडे आहेत ते काढणारा. माझं स्पष्ट मत आहे की चरित्रपटांकडे जायचं असेल तर तिसरं दार सगळ्यात चांगलं, कारण त्या कामाला माणसं कमी मिळतात आणि ते करताना फिल्म कशी उभी राहते ते आतून कळतं. तिथून असोसिएट प्रोड्यूसर, मग एखाद्या एपिसोडचं दिग्दर्शन, असा रस्ता असतो.

डिग्री इतिहासाची असो, पत्रकारितेची असो की फिल्मची, फार फरक पडत नाही. फरक पडतो तो जुनं हस्ताक्षर वाचता येण्याने, एखादी जास्तीची भाषा किंवा जुनी लिपी येण्याने, आणि कंटाळा न करता खोकेच्या खोके चाळण्याच्या सवयीने.

कंपन्यांना बायोडेटा पाठवाल तेव्हा सोबत एक नमुना जोडा. एखादी फारशी माहीत नसलेली व्यक्ती घ्या, तिची दोन पानी टाइमलाइन करा, प्रत्येक नोंदीपुढे पुरावा कुठला ते लिहा आणि शेवटी तिचे किती फोटो, फुटेज, पत्रं कुठल्या संग्रहात आहेत त्याची यादी द्या. शोरीलपेक्षा (स्वतःच्या कामाच्या निवडक तुकड्यांच्या व्हिडिओपेक्षा) असं एक पान काम देणाऱ्याला तुमच्याबद्दल जास्त सांगतं.

पायरी २: माणूस निवडणं

आवडता माणूस निवडणं सोपं, त्याच्यावर फिल्म होते का ते बघणं वेगळं. मी आधी मृत्यूचं साल बघायला सांगते, कारण पडद्यावर काय दाखवता येईल ते बरंचसं त्यावर ठरतं. फोटोग्राफीची डॅगेरोटाइप पद्धत जगापुढे आली १८३९ मध्ये, आवाज रेकॉर्ड करणारा एडिसनचा फोनोग्राफ १८७७ चा, ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये तिकीट लावून चलचित्रं दाखवली २८ डिसेंबर १८९५ ला, आणि चित्रासोबत आवाज असलेल्या न्यूजरील (थिएटरमध्ये दाखवायच्या बातमीफिती) १९२० च्या दशकाच्या शेवटी शेवटी सुरू झाल्या. म्हणजे तुमचा माणूस १८३० ला गेला असेल तर फोटो नाहीच, चित्रं आणि कागद एवढंच. १८९० ला गेला असेल तर फोटो मिळेल पण हलतं चित्र नाही. १९२० ला गेला असेल तर मूक फुटेज कदाचित मिळेल, आवाज मिळाला तर एखादी रेकॉर्ड. हे आधीच कळलं की फिल्मचा पोत कसा असेल याचा अंदाज येतो आणि चॅनेलला भलतं काही कबूल करून बसायची वेळ येत नाही.

मग कागद. चार्ल्स डार्विनची आलेली-गेलेली मिळून सुमारे १५,००० पत्रं आज माहीत आहेत, त्यामुळे कुठल्या महिन्यात तो कशाने आजारी होता, कुणावर चिडला होता हेसुद्धा त्याच्या शब्दांत सांगता येतं. उलट शेक्सपिअरच्या सर्वमान्य अशा फक्त ६ सह्या आहेत आणि त्याच्या हातचं एकही पत्र सापडलेलं नाही. दोघांवरही फिल्म होते, पण दुसऱ्यावरची फिल्म मनातलं सांगणारी होऊच शकत नाही, ती पुराव्यांचा शोध घेणारी करावी लागते. नवीन लोक इथेच गडबडतात, कागद शेक्सपिअरइतके असतात आणि फिल्म डार्विनसारखी करायला जातात, मग मधली जागा कल्पनेने भरली जाते.

तिसरी गोष्ट म्हणजे प्रश्न. "अमुक यांचं जीवन आणि कार्य" हा विषय झाला, यावर कुणी ५२ मिनिटं बसत नाही. एका वाक्यातला प्रश्न पाहिजे. जर्मन रसायनशास्त्रज्ञ फ्रिट्झ हाबर घ्या. हवेतल्या नायट्रोजनपासून अमोनिया बनवण्याची पद्धत याने काढली, तिच्यातून कृत्रिम खत आलं, १९१८ चं रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं, आणि याच माणसाच्या देखरेखीखाली पहिल्या महायुद्धात २२ एप्रिल १९१५ ला बेल्जियममधल्या ईप्रजवळ शत्रूवर विषारी क्लोरीन वायू सोडला गेला. इथे प्रश्न आपोआप समोर येतो, की एकाच डोक्यात ही दोन कामं शेजारी शेजारी कशी राहिली. असा गाठीचा प्रश्न मिळाला की कुठला प्रसंग ठेवायचा आणि कुठला टाकायचा हे ठरवणं खूप सोपं होतं, त्याचं शाळेतलं बक्षीस गाळताना जीव तुटत नाही.

आणि व्यवहाराची बाजू, चॅनेलला "आत्ताच का" याचं उत्तर लागतं. जन्मशताब्दी, एखाद्या घटनेला १०० वर्षं, नवीन उघडलेली कागदपत्रं. तारखेच्या आधी निदान दीड-दोन वर्षं प्रस्ताव गेला पाहिजे, सहा महिने आधी गेलात तर ती जागा बहुतेक भरलेली असते.

पायरी ३: टाइमलाइनची शीट

स्क्रिप्ट लिहायला घ्यायच्या आधी एक साधी स्प्रेडशीट उघडा. कॉलम असे: तारीख, घटना, ठिकाण, पुरावा कुठला आणि कुठल्या संग्रहातला क्रमांक, पुरावा किती पक्का, पडद्यावर दाखवायला काय आहे, त्याचे हक्क कुणाकडे. शेवटचे दोन कॉलम नवीन लोक नंतर भरू म्हणून सोडतात, पण फिल्म उभी राहते ती त्यांच्यावरच, कारण घटना कितीही थरारक असली आणि दाखवायला काहीच नसलं तर तिचं काय करायचं ते आत्ताच ठरवावं लागतं.

पुराव्याला मी तीन प्रती, म्हणजे दर्जे, देते. त्याच वेळी लिहिलेलं, म्हणजे पत्र, डायरी, सरकारी नोंद, त्या दिवशीचं वर्तमानपत्र, ही पहिली प्रत. त्या माणसाने किंवा जवळच्याने वीस-तीस वर्षांनी आठवून लिहिलेलं ही दुसरी. आणि नंतरच्या चरित्रकाराने आधार न देता सांगितलेलं ही तिसरी, हिच्यावर एकही वाक्य उभं करू नका, तिचा उपयोग फक्त पुढे शोधायला. आत्मचरित्र दुसऱ्या प्रतीत येतं हे ऐकून बरेच जण बिचकतात, पण माणूस म्हातारपणी स्वतःच्या आयुष्याची मांडणी करतो तेव्हा काय ठेवायचं, काय झाकायचं हे ठरवूनच करतो, त्यामुळे ते वाचायचं जरूर, पण पत्राशी ताडून.

पहिली प्रत दिसली म्हणून डोळे मिटून घ्यायचं असंही नाही. १९८३ मध्ये जर्मनीच्या 'श्टर्न' मासिकाने हिटलरच्या डायऱ्या मिळाल्याचं जाहीर केलं, नावाजलेल्या इतिहासकारानेही आधी त्या खऱ्या मानल्या, आणि कागदाची तपासणी झाल्यावर कळलं की त्यातला माल युद्धानंतरचा आहे, कोनराड कुयाउ नावाच्या माणसाने त्या लिहिल्या होत्या. तेव्हा कागद आधी कुणाकडे होता, त्याच्याकडे कसा आला, ही साखळी विचारायचीच, समोरच्याला राग आला तरी.

तारखांचं एक प्रकरण वेगळं आहे. ब्रिटनने ग्रेगोरियन कॅलेंडर १७५२ मध्ये घेतलं, रशियाने १९१८ मध्ये. त्यामुळे जॉर्ज वॉशिंग्टनच्या जन्माची तेव्हाची नोंद ११ फेब्रुवारी १७३१ आहे आणि आज आपण २२ फेब्रुवारी १७३२ म्हणतो, रशियाची ऑक्टोबर क्रांती आजच्या हिशोबाने ७ नोव्हेंबरला येते. दोन पुस्तकांत दोन तारखा दिसल्या की लगेच एकाला चूक ठरवू नका, आधी कॅलेंडर बघा, आणि संपूर्ण फिल्ममध्ये एकच पद्धत ठेवा.

पायरी ४: आर्काइव्हमध्ये काम कसं करायचं

जाण्याआधी त्या संग्रहाची सूची ऑनलाइन असेल तर घरूनच वाचून जा, पाहिजे त्या खोक्यांचे क्रमांक लिहून मेल करा, कारण बऱ्याच ठिकाणी खोकी दुसऱ्या इमारतीत असतात आणि मागवल्यावर दुसऱ्या दिवशी येतात. आत फक्त पेन्सिल चालते. फोटो काढायची परवानगी असेल तर प्रत्येक खोक्याच्या लेबलचा फोटो आधी, मग फाइलच्या कव्हरचा, मग कागदाचा, याच क्रमाने, म्हणजे वर्षभराने फोन चाळताना हे पान कुठलं असा प्रश्न पडत नाही. पानाची मागची बाजू पण काढा. फोटोच्या मागे स्टुडिओचा शिक्का असतो, कुणीतरी पेन्सिलीने नावं लिहिलेली असतात, आणि बऱ्याचदा पुढच्या बाजूपेक्षा तिथेच जास्त सापडतं.

तिथल्या ग्रंथपालाशी मनापासून बोला, काय शोधताय ते पूर्ण सांगा. सूचीत न आलेलं काय काय आहे हे त्यांनाच माहीत असतं. आणि नियम असतील ते पाळा, त्याला कारणं असतात, पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात मारी क्युरीच्या प्रयोगवह्या शिशाच्या अस्तराच्या पेट्यांत ठेवलेल्या आहेत कारण त्या अजून किरणोत्सारी आहेत.

आता फुटेज. इथे सगळ्यात जास्त काळजी पाहिजे, कारण चुकीचं फुटेज पन्नास फिल्ममधून फिरून खरं वाटायला लागलेलं असतं. १९१७ च्या रशियन क्रांतीत विंटर पॅलेसवर तुटून पडणारी गर्दी तुम्ही कुठल्या ना कुठल्या डॉक्युमेंटरीत पाहिली असेल, ते दृश्य सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाइनने क्रांतीच्या दहाव्या वर्धापनदिनासाठी हजारो लोक घेऊन शूट केलेलं आहे. पहिल्या महायुद्धातल्या सोमच्या लढाईच्या १९१६ च्या फिल्ममध्ये खंदकातून वर चढणारे सैनिक दिसतात तो भागही नंतर घडवून घेतलेला मानला जातो, बाकीची फिल्म खरी असली तरी. आवाजाचंही तेच. "समुद्रकिनाऱ्यांवर लढू" हे चर्चिलचं भाषण ४ जून १९४० ला पार्लमेंटमध्ये झालं, तिथे रेकॉर्डिंग झालं नव्हतं, आपण ऐकतो तो आवाज त्याने १९४९ मध्ये पुन्हा वाचून दिलेला आहे. वापरू नका असं माझं म्हणणं नाही, पण त्यावर जून १९४० असं लिहून सभागृहाचा फोटो लावलात तर प्रेक्षकाला खोटं सांगितल्यासारखंच झालं.

फोटोत अजून एक खाच आहे. डॅगेरोटाइप आणि टिनटाइप, म्हणजे धातूच्या पत्र्यावर थेट घेतलेले फोटो, मूळ प्रतीत उलटे असतात, आरशात दिसल्यासारखे. अमेरिकेतला कुख्यात गुंड बिली द किड डावखुरा होता असं लोक कित्येक वर्षं मानत राहिले ते त्याच्या अशाच एका उलट्या टिनटाइपमुळे, बंदुकीची गोळ्या भरायची खाच बघितल्यावर लक्षात येतं. कोटाची बटणं, तलवार कुठल्या बाजूला आहे, मागची पाटी, हे सगळं तपासायची सवय लावून घ्या. जुन्या कृष्णधवल फिल्मवर लाल रंग फार गडद उमटायचा आणि निळा फिका, त्यामुळे फोटोत डोळे पांढुरके दिसतात म्हणून तसं निवेदनात लिहू नका, आणि रंग भरून घेणार असाल तर हे त्या कलाकाराला सांगा.

तांत्रिक दोन गोष्टी पटकन. मूक जमान्यातलं फुटेज बहुतेक सेकंदाला १६ ते २० फ्रेमने घेतलेलं असतं, ते २४ किंवा २५ ने चालवलं की माणसं तुरुतुरु पळतात आणि गंभीर माणूस हास्यास्पद दिसतो, वेग दुरुस्त करून घ्या. आणि जुनं चौकोनी चित्र आजच्या रुंद पडद्यावर बसवायला वरखाली कापू नका, डोकी जातात, बाजूला काळी जागा राहिली तर राहू दे. फोटो स्कॅन करताना साधारण १५ सेंटीमीटर रुंदीचा फोटो १२०० डीपीआयने (इंचाला १२०० ठिपके) घेतला तर सुमारे ७००० पिक्सेल मिळतात, फोरके फ्रेम ३८४० पिक्सेल रुंदीची, म्हणजे चेहऱ्यापर्यंत जवळ जाता येतं. टिफमध्ये (दर्जा न घटवणाऱ्या फाइल-प्रकारात) ठेवा.

पायरी ५: हक्क, म्हणजे कागद कुणाचा आणि शब्द कुणाचे

हे कंटाळवाणं वाटेल पण फिल्म अडकते ती इथेच, तेव्हा सावकाश वाचा.

पत्र ज्याला आलं त्याच्या घरी कागद असतो, पण त्यातल्या मजकुराचा कॉपीराइट लिहिणाऱ्याकडे आणि त्याच्यानंतर त्याच्या वारसांकडे असतो. म्हणजे एखाद्या आजींनी कपाटातून पत्रं काढून प्रेमाने हातात दिली, शूट करायला हो म्हणाल्या, तरी ती वाचून दाखवायला दुसऱ्याच घरची परवानगी लागू शकते. फोटोचं पण तसंच, फोटोत जो आहे त्याचा हक्क नसतो, सहसा काढणाऱ्याचा किंवा त्याच्या स्टुडिओचा असतो. मुदत देशागणिक वेगळी. भारतात लेखनाचा कॉपीराइट लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं, ब्रिटन आणि युरोपियन युनियनमध्ये ७० वर्षं, अमेरिकेत जुन्या प्रकाशित साहित्याला प्रकाशनापासून जास्तीत जास्त ९५ वर्षं. फिल्म एकापेक्षा जास्त देशांत दाखवली जाणार असेल तर प्रत्येक ठिकाणचा नियम बघावा लागतो. अमेरिकेच्या केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांनी कामाचा भाग म्हणून काढलेले फोटो-फुटेज मात्र तिथे कॉपीराइटमध्ये येत नाही, नासाचं बरंचसं साहित्य म्हणूनच सगळीकडे दिसतं.

ऑनलाइन दिसतं म्हणजे फुकट असं समजू नका. ब्रिटिश पाथे या जुन्या न्यूजरील कंपनीने २०१४ मध्ये ८५,००० न्यूजरील यूट्यूबवर टाकल्या, ही रिसर्चसाठी सोन्याची खाण आहे, तासन्‌तास बघा, नोंदी करा, पण फिल्ममध्ये घ्यायचं तर लायसन्स घ्यावं लागतं. भाषण जाहीर सभेत झालं म्हणून सार्वजनिक मालमत्ता होत नाही. मार्टिन ल्यूथर किंगचं १९६३ चं वॉशिंग्टनमधलं भाषण एका चॅनेलने आपल्या डॉक्युमेंटरीत वापरलं तेव्हा वारसांनी खटला भरला, आणि १९९९ मध्ये अपील कोर्टाने सांगितलं की लाखोंसमोर भाषण केलं म्हणून हक्क संपत नाहीत.

लायसन्स घेताना चार गोष्टी लिहून घ्यायच्या: कुठल्या प्रदेशासाठी, कुठल्या माध्यमासाठी, किती वर्षांसाठी, आणि दर सेकंदाला की मिनिटाला, त्यात किमान किती घ्यावं लागतं ते. स्वस्त पडतं म्हणून पाच वर्षांचं आणि फक्त टीव्हीचं घेतलं की पुढे काय होतं त्याचं उदाहरण बघा, अमेरिकेतल्या नागरी हक्क चळवळीवरची १९८७ ची अतिशय गाजलेली मालिका आर्काइव्हची लायसन्स संपल्यामुळे १९९० च्या दशकाच्या मध्यापासून दाखवता येत नव्हती, वेगळा निधी उभा करून हक्क पुन्हा घेतल्यावर २००६ मध्ये ती टीव्हीवर परतली. एवढं मोठं काम आणि इतकी वर्षं पेटीत. परवडत असेल तर जगभर, सर्व माध्यमं, कायमचं असं घ्या, नाहीतर निदान वाढवून घ्यायचा दर आत्ताच करारात लिहून घ्या.

एडिट चालू असताना आर्काइव्हकडून वॉटरमार्क आणि टाइमकोड असलेली हलकी प्रत घ्यायची, पिक्चर लॉक झालं, म्हणजे चित्रांची मांडणी पक्की झाली, की नेमके सेकंद मोजून मास्टर (पूर्ण दर्जाची प्रत) मागवायचा, म्हणजे न वापरलेल्याचे पैसे जात नाहीत. टाइमकोड पुसून एडिट केलंत तर शेवटी मूळ जागा शोधताना हाल होतात.

मेलेल्या माणसाची बदनामी होत नाही असं सरसकट सांगितलं जातं, तेही जपून. काही देशांत वारसांना तक्रार करता येते, शिवाय फिल्ममध्ये येणारी मुलं-नातवंडं हयात असतात. म्हणून चॅनेल स्क्रिप्ट वकिलाकडून वाचून घेतं आणि चुका-दाव्यांचा विमा (चुकीबद्दल कुणी दावा केला तर खर्च भरून देणारा) मागतं. त्या वेळी तुमची तिसऱ्या पायरीतली शीट जशीच्या तशी कामी येते.

पायरी ६: प्रस्ताव आणि पैसे

हे थोडक्यात. कमिशनिंग एडिटरला, म्हणजे चॅनेलसाठी फिल्म निवडणाऱ्याला, एक पान पाहिजे असतं: प्रश्न, माणूस, आत्ताच का, तुमच्याकडे असं काय आहे जे दुसऱ्याकडे नाही. न उघडलेला कुटुंबाचा संग्रह, हयात असलेला शेवटचा साक्षीदार, यातलं काही असेल तर तेच पहिल्या ओळीत. सोबत दोन-तीन मिनिटांचा टीझर. स्लॉटची लांबी विचारून घ्या, आंतरराष्ट्रीय विक्रीला ५२ मिनिटं चालतात, जाहिराती जास्त असलेल्या चॅनेलचा तास ४२-४४ मिनिटांवर येतो. अ‍ॅमस्टरडॅमचा इडफा, टोरोंटोचा हॉट डॉक्स, शेफील्ड, ला रोशेलचा सनी साइड या डॉक्युमेंटरी महोत्सवांत जगभरच्या चॅनेलचे लोक येतात आणि प्रस्ताव मांडायला मंच असतो. बजेटमध्ये आर्काइव्हची ओळ पहिल्या दिवसापासून ठेवा. पैसे हप्त्यांनी येतात, सही, रफ कट (पहिली कच्ची जुळणी), डिलिव्हरी असे, आणि मधल्या काळात हातात दुसरं काम असावंच लागतं, सुरुवातीला तर एडिटिंग किंवा दुसऱ्याच्या फिल्मचा रिसर्च करतच बहुतेकांचं चालतं.

पायरी ७: मुलाखती

सगळ्यात वयस्कर माणसाची मुलाखत सगळ्यात आधी. पैसे यायचेत, लोकेशन ठरायचंय, कॅमेरामन मोकळा नाही, काही असो, निदान आवाज तरी रेकॉर्ड करून ठेवा. इतिहासकार पुढच्या वर्षी पण भेटेल.

प्रश्न शब्दशः आधी पाठवू नका, विषय पाठवा, नाहीतर माणूस पाठ करून येतो. उत्तरात प्रश्न यायला पाहिजे हे सांगून ठेवा, कारण तुमचा आवाज कापला जाणार, "हो, तेव्हाच" एवढंच उत्तर एडिटला निरुपयोगी. फिरती खुर्ची नको. पंखा, एसी बंद. संपल्यावर कुणीही न बोलता अर्धा-एक मिनिट खोलीची शांतता रेकॉर्ड करा. रिलीज फॉर्मवर (मुलाखत वापरायच्या परवानगीपत्रावर) सही कॅमेरा चालू व्हायच्या आधी. आणि उत्तर संपल्यासारखं वाटलं की लगेच पुढचा प्रश्न टाकू नका, तीन-चार सेकंद थांबा, खरं बोलणं बऱ्याचदा तिथून सुरू होतं.

वंशजांशी बोलताना एक प्रश्न मी कधीच सोडत नाही, "हे तुम्ही कुणाकडून ऐकलंत?" पणजीने सांगितलं, आजोबांनी सांगितलं, असं ते सांगायला लागले की घरातली आठवण आणि पुरावा वेगवेगळे दिसतात आणि दोन्हींचा मान राहतो. घरच्यांना फिल्म दाखवा, चुका विचारा, पण शेवटचा शब्द त्यांच्याकडे देऊ नका आणि हे पहिल्याच भेटीत मोकळेपणाने सांगा. एकमेकांशी न पटणारे दोन अभ्यासक घ्या. दोघांचं म्हणणं शेजारी ठेवलं की प्रेक्षकाला कळतं की इतिहास अजून चालू आहे, आणि निवेदकाला न्यायाधीश व्हावं लागत नाही.

पायरी ८: जिथे दाखवायला काही नाही

नाट्यरूपांतर केलंत तर ते नाट्यरूपांतर आहे हे दिसलं पाहिजे. चेहरा न दाखवता हात, पाठ, दिवा, लिहिणारी लेखणी असं घेतात, ते ठीक आहे पण लवकर गुळगुळीत होतं. मला स्वतःला जागा जास्त आवडतात, तो माणूस ज्या खोलीत राहिला ती आज कशी आहे, तिच्या खिडकीतून काय दिसतं, तिथे उजेड कुठून येतो. मूळ पत्र मोठं करून दाखवा, खाडाखोड दाखवा, एखाद्या शब्दावर शाई सांडलीय ती दाखवा. नकाशा, अ‍ॅनिमेशन हेही आहेच.

आणि एआय. २०२१ मध्ये अमेरिकन शेफ अँथनी बोर्डेनवरच्या फिल्ममध्ये त्याने लिहिलेल्या काही ओळी त्याच्या कृत्रिम आवाजात ऐकवल्या होत्या आणि फिल्ममध्ये तसं सांगितलं नव्हतं, त्यावर केवढा गदारोळ झाला. २०२४ मध्ये अमेरिकेतल्या आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्सने यावर मार्गदर्शक तत्त्वं काढली, ती शोधून वाचाच. माझी भूमिका कडक आहे, जुन्या फोटोसारखा दिसणारा नवा फोटो तयार करून ऐतिहासिक चरित्रात टाकू नये, पडद्यावर लिहून सुद्धा नाही, कारण तो तुकडा कापला जातो, पसरतो, आणि दहा वर्षांनी दुसरा कुणी रिसर्चर तो खरा म्हणून उचलतो.

पायरी ९: स्क्रिप्ट आणि एडिट

स्क्रिप्ट दोन कॉलमची, डावीकडे चित्र, उजवीकडे आवाज. डावा कॉलम रिकामा आणि उजवा भरगच्च असेल तर तो लेख झाला. आधी मुलाखतींचे उतारे कागदावर छापून, कापून, जमिनीवर मांडून क्रम लावा, मग जिथे जोड लागतो तिथेच निवेदन लिहा. निवेदन मिनिटाला १०० ते १२० शब्दांच्या वर नको, मधे श्वास पाहिजे. जन्मापासून सुरुवात करायची सक्ती नाही, तुमच्या प्रश्नाची गाठ जिथे बसली तिथून उघडा आणि मागे जा.

पुन्हा हाबरकडे येऊ. त्याची बायको क्लारा इमरवार, स्वतः रसायनशास्त्रात डॉक्टरेट मिळवलेली बाई, ईप्रच्या त्या हल्ल्यानंतर काहीच दिवसांनी, २ मे १९१५ ला तिने नवऱ्याच्या पिस्तुलाने स्वतःला संपवलं. "वायुहल्ल्याचा निषेध म्हणून" असं वाक्य निवेदनात लिहायचा मोह प्रचंड होतो कारण गोष्ट पूर्ण होते. पण तिने लिहिलेली शेवटची चिठ्ठी आपल्यापर्यंत आलेली नाही, नंतरच्या लोकांच्या आठवणी आहेत आणि त्यांवर अभ्यासकांचे मतभेद आहेत. मग लिहायचं काय? दोन तारखा शेजारी ठेवा, कोण काय म्हणतं ते त्यांच्या तोंडून येऊ द्या, आणि कारण सांगणारी चिठ्ठी नाही हे निवेदनात सरळ म्हणा. प्रेक्षक त्या ठिकाणी जास्त लक्ष देऊन बघतो, मी हे पुन्हा पुन्हा पाहिलंय. "कदाचित", "त्याला वाटलं असेल" असले शब्द मात्र टाळा, मनात शिरायचं असेल तर पत्रातून शिरा.

फाइन कटला (जवळजवळ पक्क्या एडिटला) पूर्ण स्क्रिप्टची एक प्रत अशी करा ज्यात प्रत्येक वाक्यापुढे आणि प्रत्येक शॉटपुढे त्याचा आधार लिहिलेला आहे. ज्याच्यापुढे काही लिहिता येत नाही ते काढा किंवा शोधा. ही प्रत तुमच्या टीमबाहेरच्या एका अभ्यासकाला वाचायला द्या, आणि त्याचं मानधन बजेटमध्ये धरा, कारण मिनतवारीने केलेलं वाचन वरवरचं होतं.

पायरी १०: डिलिव्हरी आणि त्यानंतर

चॅनेल लांबलचक यादी देतं, मास्टर, निवेदनाशिवायचा आवाज, सबटायटल, संगीताची क्यू शीट (कुठलं संगीत कुठे, किती वेळ वाजलं ती यादी), सगळ्या लायसन्सच्या प्रती. आवाजाची पातळी युरोपच्या चॅनेलना उणे २३ एलयूएफएस (आवाजाचा मोठेपणा मोजायचं एकक) लागते, अमेरिकेत उणे २४, फ्रेम रेट २५ की २९.९७ हे शूटच्या आधीच विचारलेलं असलं पाहिजे. सगळ्या डेटाच्या तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या माध्यमांवर, एक दुसऱ्या गावात.

प्रक्षेपण झालं की पहिल्याच आठवड्यात घरोघरून आणलेले अल्बम आणि पत्रं स्वतः नेऊन परत द्या, कुरियर नको, सोबत स्कॅनचा पेनड्राइव्ह द्या. मुलाखतींचा न वापरलेला भाग, जो बहुतेक वेळा वापरलेल्याच्या दहा-वीस पट असतो, तो एखाद्या विद्यापीठाच्या किंवा राष्ट्रीय संग्रहाला द्यायला परवानगी मिळते का ते बघा, रिलीज फॉर्ममध्ये तशी ओळ सुरुवातीलाच घातलेली असली तर काम सोपं जातं. लायसन्स संपण्याच्या तारखा कॅलेंडरमध्ये सहा महिने आधीच्या रिमाइंडरसह टाकून ठेवा, प्रोड्यूसर बदलला, कंपनी बंद पडली तरी ती यादी तुमच्याकडे असली पाहिजे. आणि तुमच्या त्या शीटमध्ये अशी दोन-तीन नावं असतीलच जी या फिल्ममध्ये एका वाक्यापुरती आली, एखादी सहकारी, एखादा विरोधक, ज्याच्या कागदांचं खोकं तुम्ही येताजाता बघितलं पण उघडलं नाही. त्या खोक्याचा क्रमांक लिहून ठेवा, पुढचा प्रस्ताव बऱ्याचदा तिथूनच निघतो.